तळटिपेतला मुलूख

इतिहास बहुधा राजधानीत लिहिला जातो. सीमेवरच्या गावांच्या वाट्याला त्यात आली तर एखादी तळटीप येते. नॉर्वेचे माहितीपटकार क्नूट एरिक येन्सेन यांनी ही तळटीपच मुख्य मजकूर केली, म्हणून त्यांची कारकीर्द मला मोलाची वाटते.

येन्सेन यांचा जन्म 1940 साली नॉर्वेच्या उत्तर टोकाला, फिनमार्क प्रांतातील हॉन्निंग्सवॉग या मच्छीमारांच्या गावी झाला. फिनमार्कला फिनलंड आणि रशिया या दोन्ही देशांच्या सीमा भिडतात. नॉर्वेजियन, सामी आणि क्वेन अशा तीन भाषा तेथे नांदतात. 1944 च्या हिवाळ्याच्या तोंडावर सोव्हिएत फौजा पुढे सरकल्या, तेव्हा माघार घेणाऱ्या जर्मनांनी हा सारा मुलूख जाळून टाकला. सुमारे 50,000 माणसांना सक्तीने हलवले. हजारो माणसे गुहांत आणि झोपड्यांत लपून राहिली. हॉन्निंग्सवॉगमध्ये उभे राहिले ते केवळ चर्च. येन्सेन तेव्हा चार वर्षांचे होते. घरांबरोबर घराघरांतली कागदपत्रे आणि छायाचित्रेही जळाली. उरल्या त्या माणसांच्या आठवणी.

पुढे लंडनला चित्रपटाचे शिक्षण घेऊन येन्सेन नॉर्वेच्या राष्ट्रीय दूरचित्रवाणीसाठी माहितीपट करू लागले. विषय शोधायला त्यांना दूर जावे लागले नाही. सोव्हिएत सैन्याने पूर्व फिनमार्कची सुटका केली होती. पण 1949 मध्ये नॉर्वे नाटोत गेला आणि जर्मनांविरुद्ध सोव्हिएतांना साथ देणारे गावकरीच संशयित ठरले. ही कोंडी येन्सेन यांनी 1997 च्या 'ब्रेन्ट अव्ह फ्रॉस्ट' या कथापटात मांडली. त्याआधीच्या 'स्टेला पोलारिस' (1993) मध्ये तर संवाद जवळजवळ नाहीतच. बोलतात ती दृश्ये.

त्यांना खरी कीर्ती मिळाली 2001 च्या 'हेफ्टिग ओग बेगाइस्ट्रेट' या माहितीपटाने. बर्लेवॉग या छोट्या गावातले पुरुषांचे गायकवृंद, त्यांतले कित्येक वयोवृद्ध. समुद्रकाठी हिमवादळात उभे राहून ते गातात, दाढीमिशांवर बर्फ गोठते. शेवटी हा वृंद सीमा ओलांडून रशियातील मुर्मान्स्कला गाण्यासाठी जातो. वृंदातल्या जुन्या कम्युनिस्टाचे इतरांशी खटके उडतात, तरी गाताना सारे एका सुरात असतात. हा चित्रपट नॉर्वेत तुफान चालला.

दोन भाषांच्या सीमेवर राहणाऱ्या आपल्यासारख्यांनी यातून एवढे घ्यावे: घरातल्या वृद्धांजवळ जे आहे, ते कोणत्याही दप्तरात नाही. ते आहेत तोवर विचारून, लिहून ठेवावे.