गुन्ह्याचे चित्रण व संकलकाचा क्रम

मुंबईत घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात ११ जुलै १९९७ रोजी डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली. त्यावरून लोक रस्त्यावर आले असता झालेल्या गोळीबारात १० माणसे मृत्यू पावली. वायूचे टँकर पेटविले जाण्याचा धोका होता, असा पोलिसांचा बचाव होता. चारच दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. आनंद पटवर्धन (जन्म १९५०) यांच्या ‘हमारा शहर’ (१९८५) या अनुबोधपटात घोगरे गायिले होते. त्यांच्या मृत्यूपासून ‘जय भीम कॉम्रेड’चे चित्रण सुरू झाले, आणि ते २०११ पर्यंत, म्हणजे चौदा वर्षे, चालले.

पटवर्धन बहुधा आपल्या चित्रपटांचे संकलनही स्वतःच करतात. याचे महत्त्व भाषाभ्यासकास चटकन कळावे. सोनारी येथे बोलीची टिपणे घेताना प्रस्तुत लेखकास असे आढळले की, आपत्ती सांगणारा माणूस आरंभापासून सांगतच नाही; गेलेल्या माणसाचे नाव तो आधी घेतो, प्रसंग मागाहून येतो. पंचनाम्यात नेमके हेच उलटते. तारीख, वेळ, स्थळ यांच्या ओळी लागतात, आणि माणूस ‘मयत’ होतो. टिपणे स्वच्छ उतरविताना आम्हीही तोच अपराध करतो, हे कबूल केलेले बरे!

‘जय भीम कॉम्रेड’मध्ये पंचनाम्याचा क्रम नाही. नातलगांची साक्ष, शाहिरांची कवने, निवडणुकीच्या सभा आणि न्यायालयाची दिरंगाई एकमेकांत गुंफलेली आहेत. गुंडेवार आयोगाने गोळीबाराचा ठपका उपनिरीक्षक मनोहर कदम यांच्यावर ठेवला होता. सत्र न्यायालयाची जन्मठेप मात्र २००९ साली आली, आणि पुढे उच्च न्यायालयात जामीनही मिळाला. मधली वर्षे प्रेक्षकास भोगावी लागतात. चित्रपट लांबला, ही तक्रार म्हणूनच आम्हास पटत नाही.

‘विवेक’ (२०१८) हा दाभोलकर (२०१३) व पानसरे (२०१५) यांच्या खुनांचा मागोवा घेतो. तेथे दिग्दर्शकाचा निष्कर्ष पुराव्याच्या पुढे धावतो की काय, अशी शंका काही ठिकाणी येते. दाभोलकर खटल्यात पुण्याच्या न्यायालयाने १० मे २०२४ रोजी दोघांस जन्मठेप दिली व तिघांस निर्दोष सोडले. चित्रपट त्याआधी सहा वर्षे पूर्ण झाला होता. त्यास निकालपत्र न समजता एका साक्षीदाराची जबानी म्हणून वाचावे, आणि जबानीस लावावयाची उलटतपासणी त्यासही लावावी.