इमारत सरकारजमा झाली, पण आपल्या जागा कुठे गेल्या?

मरीन ड्राइव्हवर फिरायला गेलेल्या प्रत्येकाने ती इमारत पाहिली आहे. नरिमन पॉइंटच्या टोकाला समुद्राकडे तोंड करून उभे असलेले २३ मजले, आणि माथ्यावर वर्षानुवर्षे एअर इंडियाचे बोधचिन्ह. १,६०१ कोटी रुपयांना ती विकत घ्यायला महाराष्ट्र सरकारच्या मंत्रिमंडळाने नोव्हेंबर २०२३ मध्ये मंजुरी दिली. मार्च २०२४ मध्ये केंद्रानेही व्यवहाराला मान्यता दिली. वर्तमानपत्रांनी किंमत छापली, मजले मोजले. या इमारतीच्या इतिहासात आपले काय होते आणि ते कुठे गेले, हे मात्र कोणी विचारले नाही. म्हणून आम्ही विचारतो आहोत.

मुळात ही जमीनच समुद्रात भराव टाकून तयार केलेली. १९२० च्या दशकात बॅकबेच्या भराव योजनेतला भ्रष्टाचार चव्हाट्यावर आणणाऱ्या खुर्शेद नरिमन यांचे नाव या भागाला मिळाले. एअर इंडिया इमारतीखालची जमीन राज्य सरकारच्या मालकीची, भाडेपट्ट्याने दिलेली. तिच्यावर न्यूयॉर्कच्या वास्तुविशारदांनी आखलेली ही इमारत १९७४ मध्ये उभी राहिली. त्याच वर्षीच्या जानेवारीत याच शहरात वरळीच्या बीडीडी चाळींत आपल्या वस्त्यांवर हल्ले होत होते आणि १० जानेवारीला पँथर भागवत जाधव शहीद झाले. एका टोकाला काचेच्या खिडक्या चढत होत्या, दुसऱ्या टोकाला चाळीच्या खिडक्या फुटत होत्या.

तरीही ती इमारत आपल्याला पूर्णपणे परकी नव्हती. १९५३ मध्ये विमानसेवेचे राष्ट्रीयीकरण झाले होते. एअर इंडिया सरकारी, म्हणून आरक्षणाचे धोरण तिलाही बांधील. बाबासाहेबांनी व्हाईसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री असताना १९४३ मध्ये केंद्राच्या नोकऱ्यांत अनुसूचित जातींसाठी ८.३३ टक्के जागा मिळवल्या. पुढे संविधानाच्या कलम १६(४) ने त्या हक्काला पाया दिला. सार्वजनिक उपक्रमांत अनुसूचित जातींना १५ टक्के, जमातींना ७.५ टक्के आणि मंडलनंतर इतर मागासवर्गीयांना २७ टक्के, ही त्याचीच पुढची पायरी. या हक्कामुळेच आपल्या घरांतली पहिली पिढी टेबलापर्यंत पोहोचली. भरती प्रामाणिक नव्हती, अनुशेष होता, बढतीत अडवणूक होती. पण दाद मागायला बिंदुनामावली होती, आयोग होता, न्यायालय होते.

१२ मार्च १९९३ च्या साखळी स्फोटांत या इमारतीतही गाडीतला बॉम्ब फुटला. सुमारे २० माणसे मेली आणि वरच्या भागातले बँक ऑफ ओमानचे कार्यालय उद्ध्वस्त झाले. इमारत मात्र टिकली. तिच्या खऱ्या मालकाला नंतर जे पाडले ते बॉम्बने नाही, फायलींनी.

२००५-०६ मध्ये दोन्ही सरकारी विमान कंपन्यांसाठी मिळून १११ विमानांची मागणी नोंदवली गेली, तीही प्रामुख्याने कर्ज काढून. २००७ मध्ये इंडियन एअरलाइन्सचे विलीनीकरण झाले. २०११ मध्ये महालेखापरीक्षकांनी या खरेदीवर ताशेरे ओढले. 'आरक्षणामुळे सरकारी कंपन्या बुडतात' असे म्हणणाऱ्यांनी एवढेच सांगावे: ही विमाने कोणत्या राखीव जागेवरच्या कारकुनाने मागवली होती?

२०१३ मध्ये एअर इंडियाचे मुख्यालय दिल्लीला गेले. रिकामे मजले भाड्याने निघाले. स्टेट बँक आली, टाटा कन्सल्टन्सी आली, प्राप्तिकर खाते आले. घरमालकच आपल्या घरात भाडेकऱ्यांच्या पैशांवर जगू लागला. २७ जानेवारी २०२२ रोजी कंपनी टाटांकडे गेली. बोली १८,००० कोटींची. त्यात १५,३०० कोटींचे कर्ज स्वीकारणे आणि सरकारला रोख २,७०० कोटी. ही इमारत त्या व्यवहाराबाहेर ठेवली होती. म्हणजे अख्ख्या विमान कंपनीचे रोख २,७०० कोटी आणि तिच्या एका इमारतीचे १,६०१ कोटी! शिवाय राज्याने जवळपास २९८ कोटींची थकबाकी माफ केली.

विक्रीच्या वेळी कंपनीत सुमारे १२,००० कर्मचारी होते. त्यांपैकी सुमारे ४,००० कंत्राटी. हा आकडा नीट वाचा. आरक्षण विक्रीच्या दिवशी गेले हे अर्धसत्य आहे. कायम पदाच्या जागी कंत्राट आले, तेव्हाच ते जायला लागले होते. विक्रीने फक्त दार लावून घेतले.

ते दार किती घट्ट लागते, हे मे २०२४ मध्ये कळले. वेतन आणि बढतीबाबत कर्मचाऱ्यांनी २०११ ते २०१३ दरम्यान, म्हणजे कंपनी सरकारी असताना, मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका केल्या होत्या. निकाल लागेपर्यंत कंपनी खाजगी झाली. आता ती 'राज्य' या व्याख्येत येत नाही, म्हणून तिच्याविरुद्ध रिट चालणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयानेही सांगितले. कर्मचाऱ्यांनी दार ठोठावले तेव्हा आत सरकार होते. दार उघडेपर्यंत सरकार मागच्या दाराने निघून गेले होते.

आता काही जण म्हणतील, इमारत तर पुन्हा सरकारकडेच आली, मग तक्रार कसली? तक्रार हीच. २०१२ च्या आगीनंतर मंत्रालयातली खाती भाड्याच्या जागांत विखुरली, त्यांना कार्यालये हवीत, हे आम्हाला मान्य आहे. पण भिंती सरकारी झाल्याने खुर्च्या सरकारी होत नाहीत. याच राज्य सरकारने सप्टेंबर २०२३ मध्ये नऊ खाजगी संस्थांमार्फत कंत्राटी भरतीचा निर्णय काढला होता. तरुण रस्त्यावर उतरले, तेव्हा ऑक्टोबरमध्ये तो रद्द करावा लागला. त्यानंतर महिन्याभरातच इमारतीला मंजुरी मिळाली. सरकारकडे मजल्यांसाठी पैसा आहे. कायम पदे भरायची वेळ आली की तिजोरी रिकामी होते.

म्हणून मित्रांनो, खाजगी क्षेत्रात आरक्षणाची मागणी लावून धरूच, पण एक काम आजच करता येईल. या इमारतीत जे जे खाते जाईल, त्याची मंजूर पदे किती, भरलेली किती, कंत्राटी किती आणि बिंदुनामावली कधी तपासली, हे माहिती अधिकारात विचारा. एका कार्यकर्त्याने एक खाते घ्यावे. उत्तर आले नाही तर अपील करा.

आपले मोर्चे आझाद मैदानावरच अडवले जातात. आपला अर्ज मात्र २३ व्या मजल्यापर्यंत जाऊ शकतो.

जय भीम!