दाखला, पडताळणी आणि न्याय



विहाराच्या स्मरणिकेत आम्ही काही लिहावं, असा कार्यकर्त्यांचा आग्रह झाला. आम्ही गिरणी कामगार. वकिलीची पदवी आमच्याकडे नाही. पण वस्तीतल्या मुलांचे जातीचे दाखले काढण्यासाठी आम्ही कचेऱ्यांचे उंबरठे झिजवले. त्यातून जो इतिहास कळला, तो इथं मांडत आहोत.

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात परमपूज्य बाबासाहेबांनी आपल्याला धम्म दिला. माणूस मोकळा झाला, पण सरकारी कागद मोकळा झाला नाही. १० ऑगस्ट १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशाप्रमाणे बौद्ध माणूस अनुसूचित जातीत धरला जात नव्हता. १९६० साली महाराष्ट्र सरकारनं नवबौद्धांना राज्याच्या सवलती दिल्या. केंद्राच्या नोकऱ्या आणि राखीव मतदारसंघ मात्र दूरच राहिले. १९६२ साली नागपुरातल्या राखीव जागेवरून डी. पी. मेश्राम विधानसभेवर निवडून आले. ते बौद्ध झाले आहेत, असं ठरवून सर्वोच्च न्यायालयानं त्यांची निवड रद्द केली. इथं एक गोष्ट ध्यानात घ्यावी. साक्षीपुरावे झाले होते, दोन्ही बाजू ऐकल्या गेल्या होत्या. खोट सुनावणीत नव्हती, ती आदेशातच होती. म्हणून कित्येक घरांत भिंतीवर बुद्धाची तसबीर आणि शाळेच्या दाखल्यावर 'हिंदू महार', असा दुहेरी संसार चालला. १९९० साली व्ही. पी. सिंग यांच्या सरकारच्या काळात कायदा दुरुस्त झाला आणि ही ३४ वर्षांची कोंडी फुटली.

आता दुसरी बाजू. राखीव जागांवर खोटे दाखले घेऊन भलतेच लोक बसू लागले. खऱ्या आदिवासींच्या, दलितांच्या ताटातला घास पळवला जाऊ लागला. माधुरी पाटील खटला त्यातलाच. दोन बहिणींनी 'महादेव कोळी' म्हणून वैद्यकीय शिक्षणात प्रवेश मिळवले, पण वडिलांच्या शाळेच्या नोंदीत 'हिंदू कोळी' निघालं. २ सप्टेंबर १९९४ रोजी सर्वोच्च न्यायालयानं त्यांचा दावा फेटाळला. त्याच निकालात न्यायालयानं पडताळणीची रीत घालून दिली. दक्षता पथकानं मूळ गावी जाऊन चौकशी करावी. अहवाल विरुद्ध गेला तर त्याची प्रत जोडून नोटीस द्यावी, उत्तराला मुदत द्यावी, मागणी केल्यास सुनावणी घ्यावी. गावात दवंडी देऊन लोकांनाही कळवावं, असंही त्यात आहे. एके काळी गावोगाव दवंडी द्यायला कोणाला धाडत होते, ते आपल्या वडीलधाऱ्यांना सांगायला नको!

पुढं महाराष्ट्राचा कायदा झाला आणि १८ ऑक्टोबर २००१ पासून लागू झाला. जात सिद्ध करण्याचा भार अर्जदारावर आहे. दाखला खोटा ठरला तर नोकरी, प्रवेश, निवडून आलेली जागा, सगळं जातं आणि वर शिक्षाही आहे. पण ऐकून घेतल्याशिवाय दाखला रद्द करता येत नाही, हेही त्याच कायद्यात आहे. समितीचा निकाल पटला नाही तर उच्च न्यायालयात रिट करता येते. मार्च २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ठाकूर जमातीच्या प्रकरणात सांगितलं, की रूढी-परंपरांची ओळख ही एकमेव कसोटी नव्हे. घटनेपूर्वीच्या जुन्या नोंदींचं मोल सर्वांत जास्त आहे.

हे कोरडं वाटेल, म्हणून वस्तीतला एक प्रसंग सांगतो. एका मुलाचा दावा 'पुरावा अपुरा' म्हणून नामंजूर होण्याच्या बेतात होता. आजोबांच्या कागदावर महार, वडिलांच्या कागदावर नुसतं बौद्ध. त्याची आई आम्हाला म्हणाली, "दादा, आम्ही काय चोरी केली?" आम्ही मुलाला घेऊन गावी गेलो. कोतवाल बुकात आजोबांच्या जन्माची नोंद सापडली, शाळेच्या जुन्या रजिस्टरचा उतारा मिळाला. सुनावणीला ते कागद ठेवले आणि दाखला वैध ठरला. सुनावणीच मिळाली नसती तर ते कागद गावातच धूळ खात पडले असते आणि मुलगा खोटा ठरला असता.

म्हणून पडताळणी नको, असं आम्ही म्हणणार नाही. चोर पकडलाच पाहिजे. पण चोराला पकडणाऱ्या नियमानंच खऱ्या माणसाचं म्हणणंही ऐकलं पाहिजे. एकाला सोडून दुसरं चालणार नाही.

तेव्हा बांधवांनो, १० ऑगस्ट १९५० पूर्वीचे जातीचे आणि रहिवासाचे पुरावे आजच शोधा. वंशावळ वडीलधारे आहेत तोवर लिहून घ्या. नोटीस आली तर घाबरून गप्प बसू नका, मुदतीत लेखी उत्तर द्या आणि पोच घ्या. न्यायालयाची दारं उघडणाऱ्या घटनेच्या ३२ व्या कलमाला बाबासाहेबांनी ९ डिसेंबर १९४८ रोजी घटनासमितीत घटनेचा आत्मा म्हटलं होतं. रिटचा हक्क त्याच वाटेवरचा आहे. तो कागदावर ठेवायचा की वापरायचा, हे आपल्या हातात आहे.

जयभीम! नमो बुद्धाय!