एकविसावी जोडी, तेविसावी जोडी

भंडारा, तुमसर, साकोली, कुठल्याही सोनोग्राफी सेंटरमध्ये पाऊल टाका. एक पाटी दिसणारच: इथे गर्भलिंगनिदान केलं जात नाही, तो कायद्याने गुन्हा आहे. आपण ही पाटी वाचतच मोठे झालो. म्हणून सोनोग्राफी म्हटलं की मुलगा-मुलगी एवढंच आठवतं. पण ज्या चाचणीपायी ही पाटी लागली, ती मुळात वेगळ्याच प्रश्नासाठी आली होती.

तो प्रश्न 1866चा. इंग्लंडमधले डॉक्टर जॉन लँग्डन डाउन यांनी काही मुलांचं वर्णन केलं. त्यात एक बारीक निरीक्षण होतं: या मुलांची त्वचा शरीराला जणू थोडी मोठी होते. कारण कळायला 1959 उजाडलं. मार्त गोतिए आणि झेरोम लेज्यून यांच्या पॅरिसमधल्या कामातून दिसलं, की गुणसूत्रांच्या 23 जोड्यांपैकी एकविसाव्या जोडीत एक गुणसूत्र जास्त आहे. हाच डाउन सिंड्रोम.

पुढे गर्भाभोवतीचं पाणी सुईने काढून गुणसूत्रं तपासता येऊ लागली. सत्तरच्या दशकाच्या मध्यावर ही गर्भजल चाचणी दिल्लीच्या एम्समध्ये आली, जन्मजात दोष शोधण्यासाठी. पण एकविसावी जोडी बघताना तेविसावीही दिसते, आणि तेविसावी जोडी मुलगा की मुलगी ते सांगते. लोकांनी कोणता प्रश्न विचारला, हे सांगायला नको. सरकारी रुग्णालयांत लिंगनिदानावर बंदी आली, तसा धंदा खासगी दवाखान्यांत गेला. आज काहीशे रुपये खर्चा, उद्याचा हुंडा वाचवा, अशा अर्थाच्या जाहिराती झळकू लागल्या.

विरोधही महाराष्ट्रातूनच उभा राहिला. ऐंशीच्या दशकात मुंबईत स्त्री संघटना, डॉक्टर आणि कार्यकर्ते एकत्र आले. 1988 साली असा कायदा करणारं महाराष्ट्र देशातलं पहिलं राज्य ठरलं. केंद्राचा कायदा 1994चा, लागू झाला 1996पासून. मुंबईची ‘सेहत’, पुण्याची ‘मासूम’ आणि डॉ. साबू जॉर्ज सर्वोच्च न्यायालयात गेले. 2003च्या दुरुस्तीनंतर सोनोग्राफी यंत्रांवरची पकड घट्ट झाली. गरोदर बाईच्या प्रत्येक सोनोग्राफीसाठी ‘फॉर्म एफ’ भरणं आलं.

त्याच फॉर्मवर सोनोग्राफीच्या कारणांची यादी असते. तिच्यात गुणसूत्रांतले दोष शोधणं हेही एक कारण आहे. म्हणजे कायद्याने तेविसाव्या जोडीचा प्रश्न बंद केला, एकविसावीचा उघडा ठेवला. पाटीवर मात्र बंद प्रश्नच लिहिलेला असतो.

दरम्यान उघड्या प्रश्नाचं उत्तर सोपं झालं होतं. 1992 साली लंडनच्या किंग्ज कॉलेजमध्ये किप्रोस निकोलाइडिस आणि सहकाऱ्यांनी दाखवलं, की गर्भाच्या मानेमागे त्वचेखाली साचलेलं पाणी सोनोग्राफीत मोजता येतं. थर जाड असेल तर गुणसूत्रांतल्या दोषाची शक्यता वाढते. सव्वाशे वर्षांपूर्वी डाउन यांना दिसलेली सैल त्वचा आता पोटातच दिसू लागली. हाच आपला ‘एनटी स्कॅन’. सोबत आईचं वय आणि रक्ततपासणी धरली, तर डाउन सिंड्रोमचे शंभरातले सुमारे 90 गर्भ ओळखता येतात. मात्र हा स्कॅन शक्यता सांगतो, निदान नाही. खात्रीसाठी वार किंवा गर्भजल तपासावंच लागतं.

खरी अडचण वेळेची आहे. एनटी मोजायचा तो 11 आठवडे पूर्ण झाल्यापासून 13 आठवडे 6 दिवसांपर्यंत. जेमतेम तीन आठवडे.

समजा, लाखांदूरकडच्या एका बाईचे हे तीन आठवडे जुलैत आले. शेतात पऱ्हे तयार, चिखलणी झालेली. घरात एकच वाक्य: रोवणी आटोपली की जाऊ. रोवणी आटोपते तोवर चौथा महिना लागलेला असतो. आशाताई 12 आठवड्यांच्या आत नोंदणीसाठी मागे लागतात, ते खरं. पण दर महिन्याच्या 9 तारखेला प्रधानमंत्री सुरक्षित मातृत्व अभियानात होणारी मोफत तपासणी दुसऱ्या आणि तिसऱ्या तिमाहीतल्या बायकांसाठी आहे. एनटीची वेळ तेव्हा टळून गेलेली असते.

उशिराची किंमत महाराष्ट्राने पाहिली आहे. 1971च्या कायद्यात गर्भपाताची मर्यादा 20 आठवडे होती. 2008 साली मुंबई परिसरातलं एक जोडपं डॉ. निखिल दातार यांच्यासोबत उच्च न्यायालयात गेलं. गर्भाच्या हृदयातला दोष चोविसाव्या आठवड्याच्या सुमारास कळला होता. न्यायालयाने परवानगी नाकारली. 2021च्या दुरुस्तीने काही गटांसाठी मर्यादा 24 आठवड्यांवर नेली, आणि गर्भात गंभीर दोष असेल तर त्यापुढचा निर्णय वैद्यकीय मंडळाकडे दिला. पण बाराव्या आठवड्यात कळणं आणि बाविसाव्यात कळणं यांत जो फरक आहे, तो कायद्याने भरून निघत नाही.

लवकर कळलं म्हणजे गर्भपातच, असंही नाही. डाउन सिंड्रोम असलेली मुलं शाळेत जातात, मोठी होतात, काही नोकरीही करतात. एखादं घर मूल ठेवायचं ठरवेल, हृदयाची तपासणी करून घेईल, मनाची तयारी करेल. दुसरं घर वेगळं ठरवेल. दोघांनाही विचार करायला दिवस लागतात.

2011च्या जनगणनेत 0 ते 6 वयोगटात राज्यात हजार मुलांमागे 894 मुली होत्या, बीडमध्ये 807. भंडाऱ्याचा आकडा राज्याच्या सरासरीहून बराच वर होता. तरी ती पाटी इथे हवीच, ती काढा असं कुणी म्हणू नये. फक्त तिच्याखाली आणखी एक ओळ लिहा: पहिली सोनोग्राफी बाराव्या आठवड्याच्या आसपास करून घ्या, रोवणीसाठी थांबू नका.