शेल शॉकची पेन्शन कुणाला मिळाली?

मागच्या वेळी आपण पहिल्या महायुद्धातल्या भरतीबद्दल बोललो. आज बोलायचंय ते परत आलेल्यांबद्दल. धड शरीराने घरी आले, पण घरच्यांना वाटत राहिलं की गेला होता तो हा नव्हे, अशांबद्दल.

सुरुवात एका शब्दापासून करू. फेब्रुवारी १९१५ मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात चार्ल्स मायर्स या केंब्रिजच्या मानसशास्त्रज्ञाचा लेख आला. त्यात तीन शिपायांची हकिगत होती. जवळ तोफगोळे फुटले, अंगावर मोठी जखम नाही, पण नजर अधू झाली, वास आणि चव गेली, आठवण पुसली गेली. मायर्सने याला 'शेल शॉक' म्हटलं. शब्द खंदकातल्या शिपायांचाच, त्याने तो छापला. आधी डॉक्टरांना वाटलं, स्फोटाच्या दाबाने मेंदूला धक्का बसत असणार. मग लक्षात आलं की जे गोळ्याच्या जवळपासही नव्हते, त्यांचीही वाचा जातेय, हातपाय लटपटतायत. आता आली का पंचाईत? शरीराला लागलं नसेल, तर याला जखम म्हणायचं की नाही?

लष्कराने यावर काढलेला तोडगा अगदी कारकुनी होता. रुग्णाच्या कागदावर 'डब्ल्यू' किंवा 'एस' लिहायचं. डब्ल्यू म्हणजे शत्रूमुळे झालेली जखम. मग बाहीवर जखमेची पट्टी लागणार, पेन्शनवर हक्क राहणार. एस म्हणजे आजार. त्याला मान नाही, पट्टी नाही. डब्ल्यू मिळायला पलटणीकडून लेखी यावं लागे की याच्याजवळ खरंच गोळा फुटला होता. ज्या पलटणीचे निम्मे अधिकारी मेलेत, तिथून हे पत्र कोण पाठवणार? हा डब्ल्यू-एसचा तपशील मला या सगळ्या इतिहासात सर्वांत महत्त्वाचा वाटतो. तो लक्षात ठेवा, आपण परत तिथे येणार आहोत.

काहींच्या वाट्याला कागदही आला नाही. पळून जाणं, भेकडपणा अशा आरोपांखाली ब्रिटिश लष्कराने गोळ्या घालून मारलेल्यांपैकी ३०६ जणांना २००६ साली माफी मिळाली. त्यांत हॅरी फार नावाचा शिपाई होता. १९१५ मध्ये तो शेल शॉकने कित्येक महिने इस्पितळात होता. बरा झाला म्हणून परत आघाडीवर धाडला, आणि ऑक्टोबर १९१६ मध्ये 'भेकड' ठरवून मारला. त्याच्या बायकोची पेन्शन बंद झाली, लहान मुलीला घेऊन तिला घर सोडावं लागलं. लाजेपोटी ही गोष्ट त्या घरात कित्येक दशकं कुणी काढली नाही. माफी मिळाली तेव्हा ती मुलगी नव्वदी ओलांडलेली होती. शिक्षा एका माणसाला झाली आणि ती तीन पिढ्यांनी भोगली.

अधिकाऱ्यांची गोष्ट वेगळी. त्यांच्यासाठी एडिंबरोजवळ क्रेगलॉकहार्ट इस्पितळ होतं. सिगफ्रीड ससून आणि विल्फ्रेड ओवेन हे कवी १९१७ मध्ये तिथेच होते. ससूनवर उपचार करणारे डॉ. रिव्हर्स रुग्णाला 'विसरून जा' म्हणत नसत, बोलतं करत. हे तेच रिव्हर्स, ज्यांनी निलगिरीत राहून तोडा लोकांवर पुस्तक लिहिलं, १९०६ साली. मानववंशशास्त्राच्या विद्यार्थ्यांना ते तिथूनच माहीत असतात. पण हिंदी शिपायाच्या वाट्याला असा रिव्हर्स आला नाही.

त्याच्या वाट्याला काय आलं? फ्रान्समध्ये १९१४ च्या हिवाळ्यात हाताला गोळी लागलेले हिंदी शिपाई मोठ्या संख्येने येऊ लागले, तेव्हा साहेबांना संशय आला की हे स्वतःच मारून घेतायत. ब्रायटनच्या किचनर इस्पितळाचे प्रमुख कर्नल सेटन यांनी एक हजार जखमा तपासल्या आणि संशयाला आधार नाही असा निष्कर्ष काढला. म्हणजे बघा, एक हजार जखमांची मोजदाद झाली, ती हा माणूस लबाड आहे का हे ठरवायला. त्याच्या मनाचं काय झालंय, हा प्रश्नच नव्हता. ते सापडतं पत्रांत. पत्रं सेन्सॉर होतात हे शिपायांना ठाऊक होतं, म्हणून ते काळी मिरी, तांबडी मिरची अशा खुणांनी लिहीत. पण सेन्सॉरच्या अहवालांतली बहुतेक पत्रं पंजाबी शिपायांची आहेत.

मराठी शिपाई मुख्यतः होता मेसोपोटेमियात. सहाव्या पुणे डिव्हिजनमध्ये १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी होत्या. कूटला वेढा पडला डिसेंबर १९१५ मध्ये. १४७ दिवस. घोड्याचं मांस खायचं की धर्म सांभाळायचा, हा पेच, आणि स्कर्व्ही. २९ एप्रिल १९१६ ला सुमारे १३ हजार माणसं शरण गेली, त्यांत बहुसंख्य हिंदी. पुढे वाळवंटातली पायपीट, रास अल-ऐनला रेल्वेच्या कामावर जुंपणं. १९२१ मध्ये ११७ व्या पलटणीला 'रॉयल' हा किताब मिळाला. पलटणीला मिळाला बरं का.

आणि माणसाला? सोयी झाल्या, नाही असं नाही. अपंग सैनिकांसाठी मुंबईत १९१७ मध्ये क्वीन मेरीच्या नावाने तंत्रशाळा निघाली. ती पुढे खडकीला आली, आजही आहे. १९१९ मध्ये सैनिक बोर्ड स्थापन झालं, आजच्या जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयांचं मूळ तेच. पण हात नसलेल्याला धंदा शिकवता येतो. रात्री ओरडत उठणाऱ्याला कुठे न्यायचं? रांचीला युद्धाच्या अखेरीस नवं मनोरुग्णालय उघडलं, ते फक्त युरोपियनांसाठी.

मग सातारा-रत्नागिरीच्या गावात त्याला देवऋषीकडे नेत असणार, अंगारा लावत असणार, 'काहीतरी लागलंय' म्हणत असणार. 'असणार' म्हणतोय, कारण दप्तरात हे नाही. गावोगावी संगमरवरी पाट्या आहेत: या गावातून इतके गेले, इतके मेले. तिसरा आकडा नाही. माझं मत असं की तो आकडा बायकांनी सांभाळला. पलटणीतून येणारी मनीऑर्डर थांबलेली, नवरा माजघरात गप्प बसलेला, आणि 'सरकारी पेन्शन खातो, काम नको' असे टोमणे. तिने कुणाला काय सांगायचं? त्या बाईला विचारायला कुणी आलं नाही, म्हणून इतिहासाला तिचं साक्षीपत्र नाही.

नाव मिळायला पुढे फार वेळ लागला. व्हिएतनामहून परतलेल्या अमेरिकन सैनिकांनी गटागटाने बसून बोलायला सुरुवात केली, लिफ्टन आणि शॅटन हे मनोविकारतज्ज्ञ त्यांच्यात जाऊन बसले, आणि १९८० मध्ये 'पीटीएसडी' हे निदान अधिकृत यादीत आलं. तिथे इस्पितळाबाहेर, बाजारपेठेतल्या गाळ्यांत समुपदेशन केंद्रं निघाली, जिथे बायकोही येऊन बसू शकेल. युनिफॉर्मवाल्याला मनोरुग्णालयाची पायरी चढायची लाज वाटते, हे त्यांना कळलं होतं.

आपल्याकडे २००३ पासून माजी सैनिक आणि कुटुंबीयांसाठी ईसीएचएस योजना आहे, तिचा आधार मोठा आहे. पण अपंगत्वाच्या पेन्शनपाशी आलात की जुना डब्ल्यू-एस भेटतो. मेडिकल बोर्ड ठरवतं की विकार 'लष्करी सेवेमुळे झालेला किंवा सेवेमुळे बळावलेला' आहे का. नसेल तर ही पेन्शन नाही. २०१३ मध्ये धरमवीर सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की भरतीच्या वेळी तो विकार नोंदलेला नसेल, तर तो सेवेमुळेच आला असं धरून चालायचं, आणि तसं नसल्याचं सिद्ध करायची जबाबदारी शिपायावर नाही. मायर्सच्या लेखाला तेव्हा ९८ वर्षं झाली होती. शिपायाने साक्षीला पलटणीचं पत्र आणायचं, ही अट एका परीने तिथे उलटी झाली.

तुमच्यापैकी कुणाच्या घरी आजोबा-पणजोबांचं डिस्चार्ज बुक असेल, तर ते फेकू नका. त्यातला वैद्यकीय रकाना वाचा आणि आजीने काय सांगितलं होतं तेही शेजारी लिहून ठेवा. आता प्रश्न घेऊ.