संमोहनविद्या : उपयोग व धोके यांविषयीचा वाद

संमोहनविद्या : सूचनेच्या साहाय्याने व्यक्तीचे अवधान एकाग्र करून तिच्या संवेदना, स्मृती व वर्तन यांत तात्पुरता बदल घडवून आणण्याचे तंत्र. लोकव्यवहारात तिला मोहिनीविद्या असेही म्हणतात. तिची उपयुक्तता व तिच्या मर्यादा यांविषयीचा वाद दोन शतकांहून अधिक जुना आहे.

फ्रांट्स मेस्मर (१७३४–१८१५) या वैद्याने पॅरिसमध्ये ‘प्राणिज चुंबकत्वा’ने रोग बरे करण्याचा दावा केला. सोळाव्या लूईने १७८४ मध्ये नेमलेल्या आयोगात बेंजामिन फ्रँक्लिन व लव्हॉयझर हे होते. असे चुंबकत्व अस्तित्वात नसून दिसणारे परिणाम कल्पनाशक्तीचे आहेत, असा निर्वाळा आयोगाने दिला. पुढे जेम्स ब्रेड (१७९५–१८६०) याने चुंबकत्वाची कल्पना टाकून या अवस्थेस ‘हिप्नॉटिझम’ ही संज्ञा रूढ केली.

भारतात जेम्स एस्डेल (१८०८–५९) या स्कॉटिश शल्यचिकित्सकाने १८४५ पासून बंगालमधील हुगळी येथे, भूल देण्याची औषधे प्रचारात येण्यापूर्वी, या पद्धतीने मोठ्या शस्त्रक्रिया केल्या. त्याचा पहिला रुग्ण तुरुंगातील एक कैदी होता. रुग्ण गरीब असून साहेबाला खूश करण्यासाठी वेदना लपवितात, असा आक्षेप त्यावर घेण्यात आला. १८४६ मध्ये शासकीय समितीने या प्रयोगांची पाहणी केली व त्याच वर्षी कलकत्त्यात त्याच्यासाठी प्रायोगिक रुग्णालय उघडण्यात आले. मात्र ईथर (१८४६) व क्लोरोफॉर्म (१८४७) यांचा वापर सुरू होताच ही पद्धत मागे पडली.

वेदना व चिंता कमी करण्यासाठी संमोहनाचा पूरक उपचार म्हणून उपयोग होतो. तथापि वेदना शमल्याने मूळ रोग बरा होत नाही. उलट निदानास विलंब होण्याचा संभव असतो. संमोहनावस्थेत सूचनेमुळे खोट्या स्मृतीही निर्माण होऊ शकतात. त्यामुळे अशा अवस्थेतील कथन पुरावा म्हणून विश्वसनीय मानता येत नाही.

विदर्भात अंधश्रद्धा निर्मूलनाचे कार्यकर्ते श्याम मानव यांनी स्वसंमोहनाच्या कार्यशाळा घेऊन या तंत्राभोवतीचे गूढ दूर करण्याचा प्रयत्न केला. महाराष्ट्राच्या २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याचा रोख संमोहनावर नाही. दैवी शक्तीचा दावा करून केलेली फसवणूक, तसेच साप, विंचू वा कुत्रा चावलेल्या व्यक्तीस वैद्यकीय उपचारांपासून रोखून मंत्रतंत्र वा गंडेदोरे करणे, हे त्याने गुन्हे ठरविले आहेत. भंडाऱ्यासारख्या धानशेतीच्या जिल्ह्यात ही तरतूद विशेष महत्त्वाची ठरते. कारण सूचनेने भीती ओसरली, तरी सापाचे विष उतरत नाही. त्यासाठी प्रतिविषच द्यावे लागते.