बेने-इस्राएलांची स्मृती आणि एस्थर डेव्हिड यांची कादंबरी

कोकणातील बेने-इस्राएल समाजाच्या प्राचीन इतिहासाची लेखी साधने अत्यल्प आहेत. अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर गलबत फुटले व सात पुरुष आणि सात स्त्रिया बचावल्या, ही त्यांची मूळकथा केवळ परंपरेने चालत आलेली आहे. शनिवारी घाणा बंद ठेवल्यामुळे पडलेले ‘शनवार तेली’ हे नाव आणि केहिमकर, पेणकर, रोहेकर यांसारखी ग्रामवाचक आडनावे तेवढी तिच्या जोडीला आहेत. हाईम शमुएल केहिमकर यांनी १८९७ मध्ये पूर्ण केलेला समाजाचा इतिहासदेखील त्यांच्या मृत्यूनंतर, १९३७ मध्ये, तेल अवीव येथे प्रसिद्ध झाला.

साधनांची ही उणीव केवळ अभ्यासकांपुरती राहिली नाही. १९४८ नंतर या समाजातील बहुसंख्य कुटुंबे इस्राएलमध्ये गेली. तेथील धर्मपीठाने १९६१-६२ च्या सुमारास विवाहप्रसंगी त्यांच्या पूर्वजांची चौकशी आवश्यक ठरविली. कागदपत्रांच्या अभावी स्मृतीच जणू आरोपीच्या पिंजऱ्यात उभी राहिली. तीव्र आंदोलनानंतर, १९६४ मध्ये, ते सर्वार्थाने ज्यू असल्याचे तेथील शासनाने मान्य केले.

या पार्श्वभूमीवर एस्थर डेव्हिड यांच्या कादंबऱ्यांचा विचार करणे उद्बोधक ठरते. त्यांचा जन्म १९४५ मध्ये अहमदाबाद येथील बेने-इस्राएल कुटुंबात झाला. लेखन इंग्रजीत असले, तरी त्यातील स्मृतीचे मूळ मराठीभाषक कोकणात आहे. ‘बुक ऑफ रेचेल’ (२००६) या कादंबरीस २०१० चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. तिची नायिका रेचेल ही अलिबागनजीकच्या दांडा गावातील विधवा होय. मुले इस्राएलमध्ये स्थायिक झालेली. गावातील सिनेगॉगची देखभाल ती एकटी करते आणि त्याची जागा विकण्याच्या खटपटीस विरोध करते.

येथे एक मर्म लक्षात घेण्याजोगे आहे. परंपरेनुसार सामुदायिक प्रार्थनेस दहा प्रौढ पुरुषांची उपस्थिती लागते. ज्या गावी ती संख्या भरत नाही, तेथे विधी खंडित होतो. तथापि स्मृती खंडित होतेच असे नाही. कादंबरीची प्रकरणे पाककृतींनी आरंभ पावतात, ही केवळ रचनेची हौस नव्हे. मांस व दूध एकत्र न करण्याच्या नियमामुळे नारळाचे दूध वापरणारे स्वयंपाकघर आणि एलियाहू हनाबीच्या नावे पोहे, नारळ, साखर व फळे यांचा मलिदा करणारे हात, हेच तेथे धर्मनियमांचे रक्षक ठरतात. लेखी इतिहासात ज्यांना क्वचितच स्थान मिळाले, त्या स्त्रियांकडे परंपरेचे वाहकत्व येते.

अर्थात् कादंबरी हा घटनांचा पुरावा नव्हे. दांड्याच्या सिनेगॉगचा वृत्तान्त तीत शोधणे चुकीचे होईल. परंतु समाज पांगल्यावर स्मृती कोणत्या वस्तूंत व कोणत्या कृतींत टिकून राहते, याचे ती मौलिक दिग्दर्शन करते. अभ्यासकाने शिलालेख व दफनभूमी यांच्या नोंदी जितक्या कसोशीने घ्याव्यात, तितक्याच कसोशीने कोकणात उरलेल्या कुटुंबांतील स्त्रियांच्या मौखिक साक्षीही नोंदवाव्यात, अशी दिशा तीतून निश्चित मिळते.